बेसबॉलच्या मॅचेस थेट ऐकायच्या कशा? रेडिओ, मोबाइल की दोन्ही?

डगआउट_अंबाजोगाई

नमस्कार मंडळी. शाळेच्या बेसबॉल संघाला अमेरिकेतल्या मॅचेसची कॉमेंट्री थेट ऐकवायची आहे. व्हिडिओ मुद्दामच नको. पोरांनी काउंट (किती बॉल, किती स्ट्राइक झाले ते) डोक्यात ठेवावा, रनर कुठल्या बेसवर आहे ते न बघता सांगावं, हा हेतू. हाताशी आहे ते असं: शॉर्टवेव्ह असलेला एक ट्रान्झिस्टर, रोज २ जीबीचा मोबाइल प्लॅन, जुना लॅपटॉप आणि शाळेचा अँप्लिफायर.

रेडिओवर थेट काही लागतं का? नसेल लागत तर नेटवर कमी खर्चात काय जमेल? व्हीपीएन लागतो असं एक जण सांगतो, दुसरा म्हणतो गरज नाही. आणि वेळेचं गणित कुणीतरी नीट मांडा. अमेरिकेतला मंगळवार आपल्याकडं कधी उजाडतो, यातच सगळे गोंधळायलेत.

लहर_लातूर

सर, आधी ट्रान्झिस्टरचं मिटवू. त्यावर अमेरिकेतली मॅच लागणार नाही, आणि त्यात सेटचा काही दोष नाही.

तिकडं बेसबॉल प्रामुख्यानं मीडियम वेव्हवर आणि एफएमवर असतो. एफएम तर शंभरेक किलोमीटरच्या पुढं जात नाही. मीडियम वेव्ह रात्री वरच्या थरांवरून परावर्तित होऊन हजारभर किलोमीटर जाते, पण त्यासाठी वाटेत सगळीकडं अंधार लागतो. सेंट लुइस ते लातूर अंतर तेरा हजार किलोमीटरच्या आसपास, आणि तिथं रात्र पडते तेव्हा आपल्याकडं ऊन आलेलं असतं. ५० किलोवॉटचं केंद्र असलं तरी इथं पोचत नाही. दुसरी अडचण चॅनेलांची. आपल्याकडं मीडियम वेव्हवर केंद्रं ९ किलोहर्ट्झच्या अंतरानं असतात, तिकडं १० च्या. त्यामुळं डिजिटल सेटवर तिकडच्या बऱ्याच वारंवारता नेमक्या लावताही येत नाहीत, पायरी बदलायची सोय असेल तर गोष्ट वेगळी.

शॉर्टवेव्हबद्दल जुने लोक एक गोष्ट सांगतात, ती खरी आहे. अमेरिकी सैन्याच्या रेडिओचं प्रक्षेपण हिंदी महासागरातल्या दिएगो गार्सियावरून व्हायचं, ४३१९ आणि १२७५९ किलोहर्ट्झवर, आणि त्यात बेसबॉलही असायचा. पण ते अप्पर साइडबँडवर, म्हणजे साध्या एएमपेक्षा वेगळ्या पद्धतीनं (एसएसबी). साध्या ट्रान्झिस्टरवर साइडबँड लावला तर बोलणं बदकासारखं फाटकं येतं, त्याला एसएसबीवाला सेट लागतो. एवढ्यासाठी असा सेट विकत घेऊ नका, भरवशाचा मार्ग नाही तो.

मग रेडिओ ऐकायचाच असेल तर अमेरिकेत बसवलेला रेडिओ नेटवरून चालवायचा. याला किवीएसडीआर म्हणतात. हौशी लोकांनी आपापल्या घरी अँटेना लावून रिसीव्हर नेटवर खुले ठेवलेत, शून्य ते ३० मेगाहर्ट्झ. पैसे लागत नाहीत. लॅपटॉपवर असं करा:

ब्राउझरमध्ये किवीएसडीआरच्या सार्वजनिक रिसीव्हरांचा नकाशा उघडा. ज्या संघाची मॅच ऐकायची त्या शहराच्या जवळचा रिसीव्हर निवडा. पान उघडल्यावर नाव मागतात, काहीही टोपणनाव द्या. आवाज सुरू करायला एकदा क्लिक करावं लागतं, ते केलं नाही तर लोकांना वाटतं रिसीव्हरच बंद आहे. वारंवारतेच्या चौकटीत आकडा टाका, मोड एएम ठेवा.

मोठ्या केंद्रांचे आकडे, किलोहर्ट्झमध्ये (संघ, मग केंद्र): सेंट लुइस कार्डिनल्स केएमओएक्स ११२०, सिनसिनाटी रेड्स डब्ल्यूएलडब्ल्यू ७००, सॅन फ्रान्सिस्को जायंट्स केएनबीआर ६८०, शिकागो कब्ज डब्ल्यूएससीआर ६७०. केंद्रांचे करार बदलत असतात, म्हणून सीझन सुरू होताना संघाच्या पानावर एकदा ताडून घ्या.

आता बिघडतं कुठं ते बघा. पहिलं, अंधाराचं. जुलैत सेंट लुइसला सूर्य मावळतो साधारण सव्वाआठनंतर, म्हणजे आपले सकाळचे पावणेसात होऊन गेलेले. त्याआधी पाचशे किलोमीटरवरचा रिसीव्हर निवडला तर पहिल्या तीन-चार इनिंग खरखरीत जातात. संध्याकाळच्या मॅचला सुरुवातीला शंभरेक किलोमीटरच्या आतलाच रिसीव्हर धरा, जमिनीलगतची लहर तिथं दिवसाही ठणठणीत असते.

दुसरं, अंधार पडल्यावर आवाज घुसमटतो, मधूनच बोलणं चिरकतं आणि परत सरळ होतं. जमिनीलगतची लहर आणि वरून आलेली लहर एकमेकींत मिसळतात त्यानं हे होतं. तेव्हा मोड एएमवरून एसएएमवर (एएमचाच सुधारलेला प्रकार) न्या. आवाज पूर्ण सुधारत नाही, पण शब्द कळायला लागतात. शेजारच्या केंद्राची कुरकुर येत असेल तर बँडविड्थ थोडी आवळा. फार आवळली तर 'स'कार जातात, आणि मग फिफ्टीन की फिफ्टी कळत नाही.

तिसरं, एका रिसीव्हरवर एका वेळी चार ते आठच जण बसतात. जागा नाही असा निरोप आला तर दुसरा धरा. काही मालकांनी वेळेची मर्यादा ठेवलेली असते, ती पाळा. त्यांच्या घरचं नेट आणि वीज आपण वापरतो हे लक्षात असू द्या. आणि खाली रंगीत पट्टा सरकत असतो तो बंद करा, निम्म्याहून जास्त डेटा तोच खातो.

होमप्लेट_नांदेड

वरचं सगळं बरोबर, पण शाळेसाठी रोजचा मार्ग म्हणून मी तो सुचवणार नाही. पोरं गोळा करून बसवली आणि रिसीव्हर भरलेला निघाला की कार्यक्रम बोंबलला. रोजच्यासाठी एमएलबीचं (मेजर लीग बेसबॉल, तिकडची मुख्य लीग) अधिकृत ऑडिओ घ्या.

लोक आधी काय करतात, गूगलवर त्या केंद्राचं नाव टाकून त्याची वेबसाइट उघडतात. बातम्या, गप्पा सगळं ऐकू येतं, आणि मॅच सुरू झाली की भलताच कार्यक्रम लागतो. केंद्र बिघडलेलं नसतं. मॅच हवेतून देण्याचा हक्क केंद्राकडं असतो, नेटवरून जगभर देण्याचा लीगकडं. रेडिओच्या सगळ्या ॲपांमध्ये हेच होतं, कारण ती त्याच केंद्राचा तोच प्रवाह देतात.

एमएलबीच्या ऑडिओत तीसही संघांच्या मॅचेस असतात, घरच्या आणि पाहुण्या दोन्ही संघांची रेडिओ कॉमेंट्री निवडता येते, काही संघांची स्पॅनिशही. व्हिडिओसारखे प्रदेशाचे निर्बंध ऑडिओला नाहीत. म्हणून व्हीपीएन नको. उलट फुकटच्या व्हीपीएननं प्रवाह अडखळतो. ऑडिओचं वेगळं सदस्यत्व व्हिडिओच्या मानानं बरंच स्वस्त असतं. तुम्हाला चित्र नकोच आहे, तर मोठा पॅक चुकून घेऊ नका.

पैसे भरताना अडकतं ते असं. आपल्या बँकांची कार्डं परदेशी व्यवहारांना मुळात बंद असतात. २०२० पासून रिझर्व्ह बँकेचा तसा नियम आहे. बँकेच्या ॲपमध्ये जाऊन आंतरराष्ट्रीय व्यवहार चालू करावा लागतो आणि मर्यादा ठरवावी लागते. साधं देशी रुपे कार्ड तिथं चालत नाही. कार्डानं डॉलरमध्ये भरलं तर बँक वर चलनबदलाचा आकार लावते आणि त्यावर जीएसटी. हे सगळं टाळायचं तर अँड्रॉइड फोनवर ॲपमधूनच सदस्यत्व घ्या, पैसे गूगल प्लेमार्फत जातात, आणि तिथं यूपीआय ऑटोपे लागतं. सीझन ऑक्टोबरअखेर किंवा नोव्हेंबरच्या सुरुवातीला संपतो, तेव्हा महिन्याचं सदस्यत्व असेल तर बंद करायचं विसरू नका.

फोनची एक सेटिंग आधीच करून ठेवा. स्क्रीन बंद झाली की दहा-पंधरा मिनिटांत आवाज थांबतो ही तक्रार सगळ्यांची असते. बॅटरी वाचवायला फोनच ॲप झोपवतो. सेटिंग, ॲप्स, एमएलबी, बॅटरी, तिथं 'अनरिस्ट्रिक्टेड' करा. शाओमी, रिअलमी, विवो या फोनांत ऑटोस्टार्टची वेगळी परवानगी असते, तीही द्या.

डेटाची काळजी सोडा. ६४ केबीपीएसचा प्रवाह तासाला २९ एमबी खातो, १२८ चा ५८ एमबी. २०२३ पासून पिचिंगचं घड्याळ (चेंडू ठरावीक सेकंदांत टाकायचा नियम) आलं तशी मॅच सरासरी दोन तास चाळीस मिनिटांवर आली, म्हणजे जास्तीत जास्त दीडशे-पावणेदोनशे एमबीत अख्खी मॅच. तुमच्या २ जीबीला धक्काही लागत नाही.

अजिबात खर्च नको असेल तर मायनर लीग (एमएलबीच्या खालच्या पायरीच्या लीग) ऐका. त्या मॅचेसचं ऑडिओ संघांच्या पानांवर आणि मायनर लीगच्या ॲपवर फुकट असतं. कॉमेंट्री करणारे बहुतेक एकटेच असतात, गप्पा मारायला जोडीदार नसतो, त्यामुळं प्रत्येक चेंडू नीट सांगतात. शिकणाऱ्या पोरांना माझ्या मते मोठ्या लीगपेक्षा हेच बरं.

स्कोअरबुक_परभणी

वेळेचं मी मांडते. एमएलबीचा सीझन मार्चअखेरीला सुरू होतो. अमेरिकेत घड्याळं मार्चच्या दुसऱ्या रविवारी पुढं जातात आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी मागं येतात. म्हणजे अख्खा सीझन उन्हाळी वेळेत बसतो आणि आकडे मध्येच बदलत नाहीत. एकदा वहीत लिहून ठेवायचे:

न्यूयॉर्क, बोस्टन – आपण साडेनऊ तास पुढं. तिथले संध्याकाळचे ७:०५ म्हणजे आपले पहाटे ४:३५.
शिकागो, सेंट लुइस – साडेदहा तास. ७:१० म्हणजे पहाटे ५:४०.
डेन्व्हर – साडेअकरा तास. ६:४० म्हणजे सकाळी ६:१०.
लॉस एंजेलिस, सॅन फ्रान्सिस्को, सिॲटल, सॅन डिएगो – साडेबारा तास. ७:१० म्हणजे सकाळी ७:४०.

संध्याकाळची मॅच आपल्याकडं नेहमी दुसऱ्या दिवशी सकाळी येते. ॲप वेळ आपल्या फोनप्रमाणं दाखवतं, पण यादी अमेरिकेच्या तारखेखाली असते. बुधवारी सकाळची मॅच हवी तर मंगळवारचं पान उघडा. 'आजची मॅच दिसत नाही' असं जे लोक म्हणतात त्यातल्या बहुतेकांचं इथंच चुकतं.

शाळेसाठी दोन वेळा सोयीच्या आहेत. पश्चिम किनाऱ्यावरची शुक्रवार रात्रीची मॅच आपल्याकडं शनिवारी सकाळी ७:४० च्या सुमारास सुरू होते, बरोबर शनिवारच्या सकाळच्या शाळेच्या वेळेला. १५ जूनला शाळा उघडल्यापासून सप्टेंबरअखेरपर्यंत हे जमतं. दुसरी, मायनर लीगमध्ये एप्रिल-मेमध्ये आठवड्याच्या मधल्या वारी शाळकरी मुलांसाठी सकाळी अकराच्या आसपास मॅच ठेवतात. पूर्वेकडची ११:०५ ची मॅच आपल्याकडं रात्री ८:३५ ला येते, शिकागोकडची ९:३५ ला. जेवणं उरकून आरामात ऐकता येते. मायनर लीगला सोमवारी सुट्टी असते. मोठ्या लीगच्या दुपारच्या मॅचेस न्यूयॉर्कहून रात्री १०:३५ ला आणि शिकागोच्या रिग्ली फील्डवरून ११:५० ला लागतात, मोठ्या माणसांनी ऐकाव्यात अशा.

आता ऐकायचं कसं. फक्त लावून दिलं तर पोरं दुसऱ्या इनिंगला कंटाळतील, कारण क्रिकेटच्या कानाला यातला क्रम ओळखीचा नाही. प्रत्येकाच्या हातात कागद द्या. नऊ ओळी, नऊ चौकोन. मैदानावरच्या जागांचे आकडे पाठ करून घ्या: पिचर १, कॅचर २, फर्स्ट बेस ३, सेकंड ४, थर्ड ५, शॉर्टस्टॉप ६, मग लेफ्ट, सेंटर, राइट ७, ८, ९. शॉर्टस्टॉप सहावा आणि थर्ड पाचवा, यात सगळ्यांचा घोळ होतो, म्हणून ते जास्त घोका.

समजा कॉमेंटेटर म्हणाला, "ग्राउंड बॉल टू शॉर्ट, थ्रो टू फर्स्ट, वन अवे." पहिल्या चौकोनात ६-३ लिहा, शेजारी १ ला गोल, म्हणजे एक बाद. दुसऱ्याला "बॉल फोर" ऐकू आलं, बीबी (बेस ऑन बॉल्स, चार बॉलमुळं फुकट बेस) लिहा आणि फर्स्ट बेसपर्यंत रेघ ओढा. तिसऱ्याच्या वेळी "टू अँड वन" ऐकू येईल. यात आधी बॉल, मग स्ट्राइक, म्हणजे दोन बॉल, एक स्ट्राइक. मग "सिक्स, फोर, थ्री": शॉर्टस्टॉपनं उचलला, सेकंडला फेकला, तिथून फर्स्टला. दोघे बाद, अर्धी इनिंग संपली. स्ट्राइकआउटला इंग्रजी के काढतात, बॅट न फिरवता तिसरा स्ट्राइक गेला तर तोच के उलटा. हे जमलं की कॉमेंटेटरनं स्कोअर सांगायच्या आधी पोरंच सांगतात.

एक सूचना. ॲपमध्ये टीव्हीचा आवाज आणि रेडिओचा आवाज असे दोन्ही पर्याय दिसले तर रेडिओचाच घ्या. टीव्हीवाले चित्र दिसतंय असं धरून बोलतात, चेंडू कुठं गेला ते सांगतच नाहीत. रेडिओवरची ही कला शंभर वर्षांहून जुनी आहे. ५ ऑगस्ट १९२१ ला पिट्सबर्गच्या केडीकेएवरून पहिली मेजर लीग मॅच प्रसारित झाली, तेव्हापासून घडत आलेली. विन स्कली हे कॉमेंटेटर डॉजर्स संघासाठी १९५० ते २०१६ अशी ६७ वर्षं बोलले. लॉस एंजेलिसमध्ये लोक मैदानात प्रत्यक्ष बसूनही त्यांना ऐकायला ट्रान्झिस्टर घेऊन जायचे.

डगआउट_अंबाजोगाई

ताई, भाऊ, फार मोलाचं सांगितलंत. शनिवारची वेळ पक्की करतो. दोन शंका राहिल्या. फोनवर मॅचचा लेखी स्कोअर चालू ठेवला तर तो आवाजाच्या आधी पुढं जातो, मग पोरांना मजा राहत नाही. हे जुळवता येतं का? आणि दुपारच्या वेळेला थेट काहीच नाही का?

होमप्लेट_नांदेड

जुळवता येत नाही, सर. नेटवरचा आवाज तुकड्यातुकड्यांनी साठून येतो, त्यात अर्धा-पाऊण मिनिट मागं पडतो. लेखी स्कोअर काही सेकंदांत येतो. म्हणून ऐकताना गेमडेचं (एमएलबीच्या लेखी स्कोअरचं) पान बंद ठेवा आणि ॲपच्या सूचना बंद करा, नाहीतर होमरनची घंटी आधी वाजते आणि चेंडू नंतर उडतो. आवाज अडखळून परत सुरू झाला की आणखी मागं जातो, तेव्हा थांबवून परत लाइव्हवर आणा. पोरं स्कोअर लिहिणार असतील तर गेमडे मॅच संपल्यावर उघडा, ताळा करायला ते उत्तम आहे. फुकट आहे आणि चेंडूगणिक नोंद असते.

सदस्यत्व असेल तर झालेल्या मॅचचं रेकॉर्डिंगही ऐकता येतं. पहाटेची मॅच दुपारच्या तासाला लावा. निकाल कुणी सांगितला नाही म्हणजे झालं.

लहर_लातूर

दुपारी थेट हवी तर जपान. तिथले लीगचे सामने संध्याकाळी ६ ला सुरू होतात, जपान आपल्या साडेतीन तास पुढं, म्हणजे इथले अडीच. जपानी रेडिओची ॲपं देशाबाहेर चालत नाहीत, पण जपानमधला किवी रिसीव्हर धरून टोकियोचं १२४२ किंवा ओसाकाचं १००८ लावा. टोकियोचं केंद्र असेल तर टोकियोजवळचा रिसीव्हर. भाषा कळणार नाही, पण 'सुतोराइकु', 'बोरु', 'आउतो', 'होमुरन' हे कानाला लगेच सापडतं, आणि प्रेक्षकांचा बँड आणि गाणी मॅचभर चालू असतात. ताईंचा कागद घेऊन बसलात तर काउंट नक्की धरता येईल. जपानचं मीडियम वेव्ह आपल्यासारखंच ९ च्या पायरीनं आहे.

आता अँप्लिफायरचं. फोनच्या ३.५ मिमीच्या हेडफोनच्या छिद्रातून वायर काढली की ती ऑक्स किंवा लाइन-इनमध्येच घाला. माइकच्या छिद्रात घातली तर आवाज फाटतो, कारण माइकचं इनपुट मिलिव्होल्टचं असतं आणि फोन त्याच्या कितीतरी पट देतो. अँप्लिफायरला माइकचीच छिद्रं असतील तर फोनचा आवाज अगदी खालून चढवत या आणि फाटायच्या आधी थांबा. अँप्लिफायरचं बेसचं (खालच्या पट्टीचं) बटण पूर्ण खाली, ट्रेबल मध्यावर. प्रेक्षकांची गाज खालच्या पट्टीत असते, बेस ठेवला की ती बोलण्यावर चढते. फोन चार्जिंगला लावून अँप्लिफायरला जोडला तर घूं असा आवाज येतो, म्हणून फोन आधी भरून घ्या.

सकाळची वीज जायची शक्यता धरून चाला. राउटर असेल तर त्याच्या अडॅप्टरवर व्होल्ट आणि अँपिअर वाचा, बहुतेकांवर १२ व्होल्ट १ अँपिअर असतं, आणि त्याच आकड्याचा छोटा यूपीएस घ्या. पिन बसते म्हणून ९ व्होल्टच्या राउटरला १२ देऊ नका, जळतो. मोबाइलच्याच नेटवर चालवणार असाल तर एका फोनवर हॉटस्पॉट आणि दुसऱ्यावर ऐकणं असं ठेवा. ऐकायच्या फोनवर कॉल आला की कॉमेंट्री थांबते, आणि नेमका तेव्हाच बेस भरलेला असतो.